लोकसेवा परीक्षेच्या अर्जाची मुदत हुकली तर : निवेदनापासून मॅटपर्यंत

अर्जाची मुदत संपून एक मिनिट झाले काय किंवा एक महिना झाला काय, कायद्याच्या नजरेत दोन्ही उशीरच. म्हणून 'फक्त दोनच मिनिटे उशीर झाला होता' या एका वाक्यावर उभे केलेले प्रकरण बहुतेक वेळा पहिल्याच सुनावणीत कोसळते. सरकारी भरतीचे वाद ऐकणारे न्यायाधिकरण (राज्याच्या पदांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट) किती उशीर झाला हे मोजत बसत नाही. उमेदवाराने आपल्या हातात असलेले सर्व काही मुदतीच्या आत केले होते का, आणि त्यानंतरही अर्ज अडकला असेल तर तो कोणाच्या बाजूला अडकला, एवढेच ते पाहते. खाली सांगितलेली प्रत्येक पायरी याच प्रश्नाचे उत्तर कागदावर आणण्यासाठी आहे.

आधी आपले प्रकरण कोणत्या खणात बसते ते ठरवा

वकिलाकडे जाण्याआधी जाहिरात पुन्हा नीट वाचा. एमपीएससीच्या जाहिरातीत अंतिम तारीख एकच नसते. ऑनलाइन अर्ज सादर करण्याची तारीख व वेळ, ऑनलाइन शुल्क भरण्याची तारीख व वेळ, स्टेट बँकेच्या चलनाची प्रत काढण्याची तारीख आणि ते चलन बँकेच्या कामकाजाच्या वेळेत भरण्याची तारीख अशा मुदती वेगवेगळ्या दिलेल्या असतात. वय मोजण्याची तारीख आणखी वेगळी असू शकते. पूर्व परीक्षा उत्तीर्ण झाल्यावर मुख्य परीक्षेसाठी स्वतंत्र माहिती आणि शुल्क भरायचे असते, आणि तीही मुदत अनेकांकडून हुकते. यूपीएससीमध्ये सविस्तर अर्जाचे, म्हणजे डीएएफचे, तेच होते. आपली नेमकी कोणती तारीख हुकली, हे एका वाक्यात लिहून काढा. ते वाक्य नीट लिहिता येत नसेल तर पुढचे सगळे ढिले पडते.

अर्जच केला नाही, हा पहिला प्रकार. आजारपण, प्रवास, जाहिरात नजरेतून सुटणे, गावात नेट नसणे, सायबर कॅफेवाल्याने विसरणे ही सगळी कारणे यात येतात. या प्रकारात खटला लढवू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. कॅफेवाला तुमच्या वतीने काम करत होता, म्हणून त्याची चूक कायद्याने तुमचीच ठरते. घरचे नेट गेले हेही आयोगाच्या पदरात घालता येत नाही. पैसे, वेळ आणि पुढच्या परीक्षेचा अभ्यास, तिन्ही वाया जातात.

पोर्टल बंद पडले, हा दुसरा प्रकार. लॉगिन झाले, फॉर्म भरला, पण 'सबमिट'ला त्रुटी आली. यात दम असतो, मात्र पुरावा त्या क्षणाचा हवा.

तिसरा प्रकार सर्वांत जास्त दिसतो : पैसे कट झाले, पण खात्यावर शुल्क 'न भरलेले' दिसते. यावर पुढे सविस्तर लिहिले आहे.

चौथा प्रकार म्हणजे अर्ज वेळेत गेला, पण जातीचे, नॉन-क्रीमिलेयरचे, ईडब्ल्यूएसचे (आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकाचे) किंवा दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र उशिरा मिळाले. पाचवा, शैक्षणिक पात्रता नंतर पूर्ण झाली. सहावा, अर्जाच्या तपशिलात चूक झाली आणि दुरुस्तीची मुदत गेली.

न्यायालयांनी रेषा कुठे आखली आहे

पाचव्या प्रकारातील उत्तर पक्के आहे. पात्रता नियमात दिलेल्या तारखेला हवी. नियमात तारीख नसेल तर जाहिरातीतील, आणि जाहिरातीतही नसेल तर अर्ज स्वीकारण्याच्या शेवटच्या तारखेला. हा क्रम सर्वोच्च न्यायालयाने (२०००) ५ एससीसी २६२ या निकालात मांडला (एससीसी म्हणजे 'सुप्रीम कोर्ट केसेस' ही निकालांची मालिका; वकिलाला एवढा संदर्भ पुरतो), आणि त्याआधी (१९९७) ४ एससीसी १८ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने शेवटच्या तारखेचेच तत्त्व धरले होते. पेपर आधी दिले होते, निकाल नंतर लागला, हा युक्तिवाद (२०१३) ११ एससीसी ५८ मध्ये चालला नाही. पात्रता निकाल जाहीर झाल्याच्या दिवसापासून धरली जाते. ज्या जाहिरातीत अंतिम वर्षाच्या उमेदवारांना मुभा दिलेली असते तिथली गोष्ट वेगळी, पण ती मुभा जाहिरातीत लिहिलेली असावी लागते.

चौथा प्रकार मात्र गुंतागुंतीचा आहे, आणि अनेक अर्जदार इथे अर्धाच निकाल वाचून उडी घेतात. (२००५) ९ एससीसी ७७९ मध्ये न्यायालयाने पात्रता आणि पात्रतेचा पुरावा यात फरक केला : पात्रता शेवटच्या तारखेला असली पाहिजे, पुरावा सादर करण्यात थोडी सवलत देता येते. (२०१६) ४ एससीसी ७५४ मध्ये दिल्लीतील स्टाफ नर्स भरतीत शेवटच्या तारखेनंतर दिलेले ओबीसी प्रमाणपत्र ग्राह्य धरले गेले, कारण जात जन्माने असते, प्रमाणपत्र फक्त ती दाखवते. एवढे वाचून लोक खूश होतात. पण (२०११) १२ एससीसी ८५ हा निकाल नेमका उलट्या बाजूने उभा आहे. आसाम लोकसेवा आयोगाच्या परीक्षेत दिव्यांगत्वाचे ओळखपत्र अर्जासोबत जोडले नव्हते. उच्च न्यायालयाने दिलेली सवलत सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली आणि स्पष्ट सांगितले की नियमात किंवा जाहिरातीत शिथिलतेचा अधिकार राखून ठेवला नसेल तर एका उमेदवारासाठी अट सैल करता येत नाही. कारण साधे आहे : अट सैल होणार हे माहीत असते तर आणखी कितीतरी जणांनी अर्ज केला असता, आणि त्यांना समान संधी नाकारल्यासारखे झाले असते. पुढे २०२३ मध्ये, नागरी सेवा परीक्षा २०२२ मधील ईडब्ल्यूएस उमेदवारांच्या प्रकरणात (२०२३ आयएनएससी ९००, हा न्यायालयाचा स्वतःचा निकाल क्रमांक), ठरलेल्या तारखेपर्यंत विहित प्रमाणपत्र हातात असणे हीच अट आहे, असे न्यायालयाने धरले. ईडब्ल्यूएस हा दर्जा उत्पन्न आणि मालमत्तेवर ठरतो, तो दरवर्षी बदलू शकतो. जातीसारखा तो कायमचा नसतो.

याचा व्यवहारातील अर्थ असा. जातीचा दाखला उशिरा मिळाला असेल तर थोडी जागा आहे. नॉन-क्रीमिलेयर किंवा ईडब्ल्यूएस प्रमाणपत्राचे आर्थिक वर्षच चुकले असेल तर जागा फार अरुंद आहे. आणि जाहिरातीत 'या तारखेपर्यंतचे प्रमाणपत्र नसल्यास दावा ग्राह्य धरला जाणार नाही' असे असेल तर २०१६ च्या निकालावर एकट्यावर विसंबू नका. समोरचा सादरकर्ता अधिकारी, म्हणजे शासनाची बाजू मांडणारा वकील, पहिल्याच मिनिटाला २०११ चा निकाल पुढे करतो. तुमच्या वकिलाने त्याचे उत्तर तयार ठेवलेले असले पाहिजे : प्रमाणपत्रासाठी अर्ज मुदतीच्या आधी केला होता, सेवा केंद्राची पोच आहे, विलंब कार्यालयाचा आहे.

सहाव्या प्रकाराला २०२४ च्या सुरुवातीला चांगला आधार मिळाला. बिहार पोलीस शिपाई भरतीत जन्मतारखेतील '१८'चे '८' झाले होते. प्रमाणपत्रांवर तारीख बरोबर होती, त्या चुकीमुळे उमेदवाराला कसलाही फायदा नव्हता. न्यायालयाने (२०२४ आयएनएससी २) ती क्षुल्लक चूक मानली. फायदा होणारी चूक, म्हणजे प्रवर्ग, अनुभव किंवा वयात बसवणारी तारीख, या निकालाच्या छायेत येत नाही.

फी भरायला उशीर झाला तरी आयआयटीत प्रवेश मिळाला, अशा २०२१ आणि २०२४ च्या बातम्या अनेकजण दाखवतात. दोन्ही आदेश सर्वोच्च न्यायालयाने अनुच्छेद १४२ खाली दिले. तो अधिकार न्यायाधिकरणाला नाही, उच्च न्यायालयालाही नाही. शिवाय त्या उमेदवारांना गुणवत्तेवर जागा आधीच मिळालेली होती. परीक्षेच्या अर्जाला तो मासला लावता येत नाही.

पहिले २४ तास

पैसे कट होऊन शुल्क अडकले असेल तर सर्वांत आधी पाहा : मुदत अजून शिल्लक आहे का? असेल तर पुन्हा भरा. दोनदा पैसे गेले तरी चालतील. शुल्क यशस्वी झाल्याची खात्री उमेदवारानेच करायची, अशी सूचना आयोगाची असते. वेळ हातात असताना पुन्हा प्रयत्न केला नाही, हे पुढे तुमच्याविरुद्ध सर्वांत जड पारडे ठरते.

बँकेचा डेबिट संदेश म्हणजे शुल्क पोहोचल्याचा पुरावा नव्हे. पैसे तुमच्या खात्यातून निघून मधल्या गेटवेत अडकू शकतात. रिझर्व्ह बँकेच्या २० सप्टेंबर २०१९ च्या परिपत्रकानुसार असा व्यवहार पाच दिवसांत आपोआप परत फिरवायचा असतो, आणि त्यापुढे दर दिवसाला १०० रुपये भरपाई आहे. म्हणजे आठवड्याभरात पैसे गुपचूप खात्यात परत येतात आणि समोरचा म्हणतो, 'शुल्क मिळालेच नाही, हे पाहा, परत गेले.' म्हणून पैसे परत येण्याआधीच बँकेकडून व्यवहाराची लेखी स्थिती घ्या. यूटीआर किंवा व्यवहार क्रमांक, तारीख, मिनिटासह वेळ, रक्कम, स्वीकारणाऱ्याचे नाव आणि व्यवहार कोणत्या टप्प्यावर थांबला, इतके त्यात हवे. शाखेचा शिक्का असलेले खाते उताराही घ्या.

पोर्टल बंद पडले असेल तर संपूर्ण स्क्रीनचे छायाचित्र काढा. त्यात पत्त्याची ओळ, त्रुटीचा संदेश आणि घड्याळ तिन्ही दिसले पाहिजेत. नुसता त्रुटीचा चौकोन कापून ठेवलेला फोटो जवळपास निरुपयोगी असतो. जमल्यास दुसऱ्या मोबाइलने सलग चित्रफीत घ्या, ज्यात त्याच वेळी दुसरे एखादे संकेतस्थळ नीट उघडते हेही दिसेल. 'तुमचे नेट गेले असेल' या युक्तिवादाला तेच उत्तर आहे. मूळ फाइल त्याच फोनमध्ये राहू द्या. व्हॉट्सॲपवरून पाठवलेली प्रत दाबली जाते आणि तिचा वेळेचा तपशील निघून जातो.

लगेच, मुदत संपण्याआधी शक्य असेल तर आधीच, हेल्पडेस्कला ईमेल करा. फोनवर बोललात तरी ईमेल कराच, कारण फोनची नोंद तुमच्या हातात राहत नाही. तक्रार क्रमांक मिळाला तर तो जपून ठेवा. मुदतीच्या आत, ११ वाजून ४० मिनिटांनी पाठवलेला दोन ओळींचा ईमेल नंतरच्या दहा पानी प्रतिज्ञापत्रापेक्षा वजनदार ठरतो.

निवेदन कसे लिहावे

दोन ते तीन दिवसांत आयोगाच्या सचिवांच्या नावे निवेदन द्या. ईमेल आणि स्पीड पोस्ट दोन्ही मार्गांनी पाठवा. एमपीएससीचे कार्यालय नवी मुंबईत बेलापूरला आहे, तिथे प्रत्यक्ष जाऊन आवक शिक्का घेता आला तर उत्तम. निवेदन एका पानाचे पुरते. त्यात जाहिरात क्रमांक, अर्ज किंवा नोंदणी क्रमांक, हुकलेली नेमकी मुदत, मिनिटांनुसार घटनाक्रम, जोडलेल्या पुराव्यांची यादी आणि शेवटी एकच मागणी असावी : 'माझा अर्ज दि. … रोजी सादर झाल्याचे धरून शुल्क स्वीकारावे व परीक्षेस प्रवेश द्यावा. नकार असल्यास सकारण लेखी आदेश द्यावा.'

घरची परिस्थिती, शेवटची संधी, वय संपत आले, हे शेवटी एका ओळीत लिहा. ते खरे असते आणि त्यामागचे दुःख मोठे असते, पण शिथिलतेचा अधिकार त्यातून निर्माण होत नाही. मिनिटांचा तक्ता मात्र प्रकरण उभे करू शकतो. जाहिरातीत किंवा उमेदवारांच्या सर्वसाधारण सूचनांत शिथिलतेचे एखादे कलम असेल तर त्याचा क्रमांक घालून ते निवेदनात उद्धृत करा.

निवेदनांची माळ लावू नका. पुन:पुन्हा निवेदने दिल्याने मुदत वाढत नाही, हे (१९८९) ४ एससीसी ५८२ पासून ठरलेले आहे. एक निवेदन, फार तर एक स्मरणपत्र, आणि पुढची पायरी.

माहिती अधिकारात काय मागावे

निवेदनाच्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्जही टाका. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. महाराष्ट्राच्या नियमांत अर्ज एकाच विषयाचा आणि साधारण १५० शब्दांत हवा, त्यामुळे भाषण नको, मुद्दे हवेत. शेवटच्या दिवशी संध्याकाळी ६ ते रात्री १२ दरम्यान तासागणिक किती अर्ज सादर झाले. त्या काळात पोर्टल किंवा पेमेंट गेटवे बंद असल्याची नोंद. हेल्पडेस्ककडे शुल्काबाबत आलेल्या तक्रारींची संख्या. माझ्या नोंदणी क्रमांकाच्या लॉगिनची व सबमिट प्रयत्नांची नोंद. मुदतवाढीबाबतच्या टिप्पणीची प्रत. इतर उमेदवारांची नावे मागू नका, ती त्रयस्थाची माहिती म्हणून नाकारली जाते आणि तेवढ्यावर अख्खा अर्ज लांबतो. स्वत:ची माहिती आणि आकडे नाकारणे कठीण असते.

रात्री १० ते १२ दरम्यान अर्जांचा आकडा अचानक शून्यावर आलेला दिसला तर तुमचे प्रकरण उभे राहिले समजा. त्याच वेळेत हजारो अर्ज यशस्वी झालेले दिसले तर लढण्याचा पुन्हा विचार करा. परीक्षा जवळ असेल तर उत्तराची वाट पाहत थांबू नका. न्यायाधिकरणासमोर हीच नोंद सादर करण्याचे निर्देश मागता येतात.

कुठे जायचे

इथे चूक झाली तर महिना सहज जातो. राज्य शासनाच्या नागरी पदांची भरती, मग ती एमपीएससीची असो वा तलाठ्यासारखी थेट, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जाते. मॅटचे मुख्य पीठ मुंबईत आहे, आणि नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथे खंडपीठे आहेत. केंद्राच्या पदांसाठी, म्हणजे यूपीएससी किंवा एसएससी, केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. जिल्हा परिषद आणि महापालिका भरतीचे वाद मॅटमध्ये चालत नाहीत; तिथे उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करावी लागते. दिवाणी न्यायाधीश परीक्षेचेही तसेच, कारण प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ दुय्यम न्यायालयांच्या अधिकाऱ्यांना लागू नाही. मॅटचा निकाल विरोधात गेला तर उच्च न्यायालयाच्या खंडपीठासमोर रिट करता येते. पण मॅट डावलून थेट उच्च न्यायालयात जाता येत नाही, हे १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालाने ठरवले आहे.

मूळ अर्ज आणि अंतरिम दिलासा

मॅटमधील प्रकरणाला मूळ अर्ज, बोलीभाषेत ओ.ए., म्हणतात. तो अधिनियमाच्या कलम १९ खाली होतो. कलम २० सांगते की आधी उपलब्ध उपाय वापरलेले असावेत, आणि निवेदन दिले असेल तर साधारणपणे सहा महिने थांबावे. पण कलमात 'सामान्यतः' हा शब्द आहे. परीक्षा तीन आठवड्यांवर असेल तर निकड लिहून थेट अर्ज करता येतो. कलम २१ ची मुदत एक वर्षाची असली तरी या प्रकरणांत खरी मुदत परीक्षेची तारीख असते. हॉल तिकीट निघण्याआधी दाखल झालेल्या अर्जाला आणि निकालानंतर दाखल झालेल्या अर्जाला न्यायाधिकरण एकाच नजरेने पाहत नाही. निवड यादी लागल्यावर गेलात तर यादीतील बाधित उमेदवारांना, निदान काहींना प्रातिनिधिक स्वरूपात, प्रतिवादी करावे लागते. ते केले नाही तर (१९८४) ४ एससीसी २५१ वर प्रकरण अडते.

स्क्रीनची छायाचित्रे आणि ईमेल जोडताना भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालचे प्रमाणपत्र जोडा. १ जुलै २०२४ पासून त्याचा नमुना दोन भागांत आहे : एक भाग उपकरण वापरणाऱ्याचा, दुसरा तज्ज्ञाचा, आणि त्यात फाइलचे हॅश मूल्य (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा अक्षर-आकड्यांचा ठसा) लिहायचे असते. न्यायाधिकरण पुराव्याच्या काटेकोर नियमांनी बांधलेले नसते हे खरे, तरी प्रमाणपत्र असले की आक्षेपाची एक खिडकी बंद होते.

मागण्या मोजक्या ठेवा. नकाराचा आदेश रद्द करावा, अर्ज अमुक तारखेला सादर झाल्याचे धरावे, शुल्क स्वीकारावे. अंतरिम मागणी : अंतिम निकालाच्या अधीन राहून तात्पुरता प्रवेश द्यावा आणि निकाल बंद लिफाफ्यात ठेवावा. संपूर्ण परीक्षेला स्थगिती मागू नका. एका उमेदवारासाठी लाखोंची परीक्षा थांबत नाही, आणि ती मागणी पाहून न्यायाधिकरण तुमची रास्त मागणीही संशयाने वाचते.

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २४ नुसार अंतरिम आदेशाआधी समोरच्याला अर्जाची प्रत आणि म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. अपवादात्मक स्थितीत एकतर्फी आदेश मिळाला तरी तो चौदा दिवसांपुरता असतो. म्हणून दाखल करण्याआधीच मुख्य सादरकर्ता अधिकाऱ्यांच्या कार्यालयात आणि आयोगाकडे प्रत देऊन पोच घ्या. या एका पोचेअभावी सुनावणी पुढे ढकलली जाते आणि मधल्या काळात परीक्षा होऊन जाते.

प्रवेश मिळाला, पेपर दिला, गुणही चांगले पडले, तरी तात्पुरत्या प्रवेशाने हक्क तयार होत नाही. मूळ मुद्दा हरलात तर लिफाफा उघडत नाही. आणि जाहिरातीतील एखादी अटच अन्यायाची वाटत असेल तर तिला परीक्षेला बसण्याआधी आव्हान द्या. निमूट भाग घेऊन नापास झाल्यावर तीच अट चुकीची म्हणणे (१९९५) ३ एससीसी ४८६ नंतर टिकत नाही.

अर्जदाराला स्वत: उभे राहता येते, त्याच अधिनियमाचे कलम २३ तशी मुभा देते. कागद स्वच्छ असतील आणि वाद फक्त शुल्काच्या एका व्यवहाराचा असेल तर ते जमते. प्रमाणपत्राच्या वादात मात्र सेवाविषयक प्रकरणे चालवणारा वकील घ्या, कारण तिथे दोन बाजूंचे निकाल एकमेकांसमोर ठेवून फरक दाखवावा लागतो. भेटीला जाताना जाहिरातीची पूर्ण प्रत, शुद्धिपत्रके, सर्वसाधारण सूचना, अर्जाची प्रत, बँकेचे पत्र, निवेदन व त्याची पोच आणि मिनिटांचा तक्ता तारीखवार लावून न्या. शुद्धिपत्रके विसरू नका. मुदतवाढ कित्येकदा शुद्धिपत्रकातूनच आलेली असते, आणि ती उमेदवाराच्या नजरेतून सुटलेली असते.